आईचा चेहरा शोधणारा चित्रकार

आषाढात दिंड्या संगमनेर तालुक्यातून पंढरपूरकडे निघतात, तेव्हा आम्हाला पंढरपूरच्याच एका लेकराची आठवण येते. मकबूल फिदा हुसेन यांचा जन्म तिथे १९१५ मध्ये झाला. ते दीड वर्षाचे असताना त्यांच्या अम्मीचे निधन झाले. तिचा एकही फोटो घरात नव्हता. पुढे मदर तेरेसांवर त्यांनी चित्रमालिका केली. त्यात निळ्या काठाची पांढरी साडी आहे, मांडीवर लेकरू आहे, पण चेहरा कोराच आहे.

अब्बा त्यांना घेऊन इंदूरला गेले. बडोद्याच्या मदरशात त्यांनी सुलेखन गिरवले; रेषेची पहिली तालीम तीच. कलाशाळेची पदवी नव्हती. मुंबईत सिनेमाचे बोर्ड रंगवून पोट भरले. दुरून दिसेल असा भलामोठा चेहरा झटपट उभा करायचा, या रोजच्या कामातच हात तयार झाला. १९४१ मध्ये फाजिला यांच्याशी निकाह झाला. संसारासाठी खेळणी आणि मुलांच्या फर्निचरचे नमुने बनवले. १९४७ मध्ये ते प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपमध्ये आले. तिथले कृष्णाजी आरा हेही स्वतःच शिकलेले. त्यांनी तर मोटारी धुऊन दिवस काढले होते.

१९६४ मध्ये कवी गजानन माधव मुक्तिबोध गेले. त्या दुःखात हुसेनसाहेबांनी चपला सोडल्या आणि मग अनवाणीच वावरले. १९६७ मध्ये त्यांच्या लघुपटाला बर्लिनचा सुवर्ण अस्वल पुरस्कार मिळाला, तर १९९१ मध्ये पद्मविभूषण.

वादही झाले. देवतांच्या चित्रांवरून खटले भरले गेले, प्रदर्शनांवर हल्ले झाले. 'मीनाक्षी' चित्रपटातील कव्वालीला मुस्लिम संघटनांनीही हरकत घेतली. २००६ मध्ये त्यांनी देश सोडला. २००८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने खटले रद्द केले, तरी ते परतले नाहीत. २०१० मध्ये कतारचे नागरिकत्व घेतले. ९ जून २०११ रोजी लंडनमध्ये इंतकाल झाला आणि दफनही तिकडेच झाले. पंढरपूरच्या मातीला ते लाभले नाहीत.

त्यांची सगळीच चित्रे पटावीत, असा आमचा आग्रह नाही. पण वहीच्या मागच्या पानावर घोडा काढणारे मूल आपल्याही घरात असते. अभ्यास बुडतो म्हणून पान फाडण्याआधी ते एकदा नीट पाहावे. शिकवणी लावणे परवडेलच असे नाही. कोरा कागद आणि तासभर मोकळा वेळ मात्र आपण देऊ शकतो.