घामाचा हिशेब : लेखांक ६
टनाचा भाव, तासांचं काय?

किमान वेतन दिवसाचं किंवा महिन्याचं ठरतं, हे आपण मागच्या आठवड्यात पाहिलं. आता बीड, पाथर्डी, जालन्याकडच्या ऊसतोड टोळ्यांकडे वळू. दसरा-दिवाळीच्या सुमारास या टोळ्या कोल्हापूर, सांगली नाहीतर थेट बेळगावकडे निघतात. त्यांची मजुरी टनावर ठरते, तीही माणशी नव्हे, कोयत्याला. एक कोयता म्हणजे नवरा-बायको.

जानेवारी २०२४ मध्ये साखर संघ आणि कामगार संघटनांच्या वाटाघाटीत तोडणीचा दर ३४ टक्क्यांनी वाढला आणि टनाला साधारण ३६५ रुपयांच्या घरात गेला. चांगल्या फडात एक कोयता दिवसाला दोनेक टन ऊस पाडतो. म्हणजे जोडप्याला सातशे-साडेसातशे, माणशी त्याच्या निम्मे. आकडा कागदावर अगदीच वाईट दिसत नाही. पण तो किती तासांचा? बाई पहाटे तीनला उठून भाकऱ्या थापते. उजाडायच्या आत दोघं फडात असतात. तोडणं, पाचट काढणं, मोळी बांधणं दुपारपर्यंत चालतं. मग गाडीची वाट. ट्रक रात्री आठला आला तर डोक्यावर मोळ्या घेऊन फळीवरून चढायचं तेही रात्रीच. बैलगाडीवाल्यांची कारखान्याच्या रांगेत अख्खी रात्र जाते. या ताटकळण्याचा पैसा कोणीच देत नाही.

कायदा इथे मुका नाही. १९४८ च्या किमान वेतन कायद्याचं १७ वं कलम सांगत होतं की, ज्या कामाचा किमान दर वेळेवर ठरला आहे, ते नगावर करून घेतलं तरी वेळेच्या दरापेक्षा कमी देता येत नाही. त्या कायद्याची जागा घेणाऱ्या २०१९ च्या वेतन संहितेतही ही तरतूद आहे. अडचण एवढीच की फडावर हजेरीपुस्तक नसतं. टनांची पावती असते, तासांची नोंद नसते. मग कमी दिलं हे सिद्ध कशावरून करायचं? माझ्या मते दरवाढीच्या प्रत्येक वाटाघाटीत हा मुद्दा टनाच्या भावाखाली गाडला जातो आणि संघटनाही तो फारसा उकरत नाहीत.

त्यात उचल. हंगामाआधी टोळीचा मुकादम जोडप्याला लाखाच्या आसपास रक्कम देतो, ती तोडणीतून फेडायची. आजारपणात दिवस बुडाला की खाडा : पाचशे रुपये, कधी त्याहून जास्त. म्हणजे एका माणसाच्या दिवसभराच्या कमाईहून मोठा दंड. पट्टा पडतो, म्हणजे हंगाम संपतो, तेव्हा पुष्कळांच्या अंगावर बाकी राहते, आणि पुढच्या वर्षी त्याच मुकादमाकडे जाण्यावाचून गत्यंतर नसतं.

दिल्लीच्या आशियाई खेळांच्या बांधकामावरील मजुरांच्या खटल्यात १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की, किमान वेतनाहून कमी पैशांत काम करून घेणं ही राज्यघटनेच्या कलम २३ खाली वेठबिगारीच. परिस्थितीने नाडलेल्या माणसाचा होकार न्यायालयाने खरा होकार मानला नाही. उचलीच्या कागदावर अंगठा उमटवणाऱ्याला हे तंतोतंत लागू पडावं.

ही उचल कारखान्याकडून मुकादमामार्फत मजुरापर्यंत कशी येते आणि कागदोपत्री मालक नेमका कोण ठरतो, ते पुढच्या लेखात.