उन्हाळा, ताण आणि शाळेतील फळझाडे

नागपूरच्या दक्षिणेस विमानतळाला लागून असलेला जो विस्तीर्ण प्रदेश आज मिहान या नावाने ओळखला जातो, तेथे पूर्वी खापरी, शिवणगाव, तेल्हारा, कलकुही, दहेगाव आदी गावांची शेती होती. येथून जवळच असलेल्या सोनेगावच्या वेधशाळेत 23 मे 2013 रोजी 47.9 अंश सेल्सियस तापमानाची नोंद झाली. अशा ठिकाणी शाळेच्या आवारात फळझाडे लावावीत काय, अशी शंका शिक्षकबंधुभगिनींच्या मनात येणे स्वाभाविक आहे. तिचे उत्तर याच जिल्ह्यातील काटोल व नरखेड भागांतील संत्र्यांच्या बागांनी केव्हाच देऊन ठेवले आहे.

संत्र्याच्या जातीचे मूळ घर म्हणजे दक्षिण चीन व आपला ईशान्य भारत, अर्थात दमट हवेचा प्रदेश. नागपूरकर भोसल्यांच्या काळात ही रोपे त्या वेळच्या औरंगाबादेहून इकडे आणली गेली, असे सांगतात. येथील कोरड्या उन्हात हे झाड नुसते तगले नाही, तर त्याला गावाचे नाव लाभले. 2014 मध्ये नागपुरी संत्र्याला भौगोलिक मानांकनही मिळाले.

हे कसे घडले, ते समजून घेण्यासारखे आहे. झाड आपल्या पानांवरील सूक्ष्म रंध्रांतून पाण्याची वाफ सोडते व त्यायोगे स्वतःस थंड राखते. मुळांकडून पाणी येत आहे तोवर पान कडक ऊनही सोसते. पुरवठा खुंटला की रंध्रे मिटतात, पान तापते आणि त्याच्या कडा करपतात. म्हणजे रोप मरते ते बहुधा उन्हाने नव्हे, तहानेने. त्यात आपली काळी माती सुकताना आकसते व तिला भेगा पडतात. त्या भेगांत कोवळी मुळे तुटतात आणि उष्ण वारा खोलवर शिरून उरलीसुरली ओल नेतो. मोठ्या झाडाची मुळे खोल गेलेली असतात. एका वर्षाच्या रोपाची जेमतेम वीत-दीड वीत.

आता नवलाची गोष्ट अशी की, हीच तहान बागायतदार मोठ्या झाडाला हेतुपुरस्सर लावतो. त्यास 'ताण देणे' म्हणतात. डिसेंबर-जानेवारीत पाणी तोडले की फेब्रुवारीच्या सुमारास आंबिया बहार फुटतो. मे महिन्यात तोडले की पहिल्या पावसाबरोबर मृग बहार येतो. हलक्या जमिनीत ताण लवकर बसतो, भारी काळ्या जमिनीत महिना-दीड महिना लागतो. काही पाने पिवळी पडून गळू लागली की ताण पुरेसा झाला, असे समजतात. परंतु हा उपचार पाच-सहा वर्षांच्या सशक्त झाडासाठी आहे. पहिल्या दोन-तीन उन्हाळ्यांत रोपाला ताण म्हणजे मृत्यूच.

आणि नेमका हाच ताण शाळेतील रोपांना नकळत बसतो! कन्हैयालाल मुनशी यांनी 1950 साली वनमहोत्सव सुरू केल्यापासून जुलैत रोपे लावण्याचा प्रघात आहे. त्या दिवशी पाहुणे पुष्कळ असतात. मे महिन्यात मात्र शाळेस कुलूप असते, आणि विदर्भात तर शाळा राज्यातील अन्य भागांपेक्षा उशिरा, जूनच्या अखेरीस उघडतात.

यास्तव जितकी रोपे सुटीत जगविता येतील, तितकीच लावावीत. पाच पुरेत. खड्डा दोन-अडीच फूट खोल, उन्हाळ्यातच खणून तापू द्यावा. जेथे आवार मुरमाने भरलेले असेल, तेथे मुरूम काढून चांगली माती व कुजलेले शेणखत घालावे. रोपाशेजारी, बुडाशी बारीक छिद्र पाडून त्यात चिंधीची वात ओवलेले मातीचे मडके गळ्यापर्यंत पुरावे; त्यातील पाणी मुळांपाशी हळूहळू झिरपते व वाफ होऊन फारसे वाया जात नाही. आळ्यात वीतभर पालापाचोळा पसरावा. दक्षिणेस व पश्चिमेस पऱ्हाट्यांचा किंवा तुरीच्या काड्यांचा आडोसा करावा, कारण दुपारची झळ त्याच बाजूंनी लागते. संत्र्याच्या खोडाला पाणी भिडू देऊ नये. डिंक्या रोग होतो. खोडाभोवती मातीचा उंचवटा करून पाणी बाहेरच्या आळ्यात सोडावे.

आच्छादनाचा उपयोग मुलांना सांगण्यापेक्षा दाखवावा. सारख्या मातीने भरलेल्या दोन कुंड्यांत सारखे पाणी घालावे, एकीवर पाला पसरावा, दुसरी उघडी ठेवावी व रोज दोहोंचे वजन करून फळ्यावर मांडावे. वजाबाकीचा पाठही त्यातच होतो.

झाडांची निवडही विचाराने व्हावी. बोर उन्हाळ्यात पाने टाकून स्वस्थ राहते, सीताफळाचेही तसेच. पहिल्यांदाच लावणाऱ्या शाळेने ही दोन घ्यावीत. आंबा, पेरू व चिकू यांना प्रारंभीची वर्षे पाणी हवेच. केळीच्या नादी लागू नये. तिची रुंद पाने उष्ण वाऱ्याने फाटतात व पाणी अतोनात लागते.

राहिला सुटीतील पाण्याचा प्रश्न. शाळेजवळ राहणाऱ्या दोन-दोन मुलांकडे एकेक झाड सोपवावे. दर तिसऱ्या-चौथ्या दिवशी सकाळी मडके भरून आळ्यात एक-दोन बादल्या पाणी घालावे, व वहीत तारीख लिहावी. भर दुपारी मुलांना मुळीच पाठवू नये. ही वही शाळा उघडताच मुख्याध्यापकांनी पाहावी. जे रोप वाळले असेल, त्याच्या पानावर कोणत्या तारखा कोऱ्या आहेत, ते तीत दिसेल, आणि त्या खड्ड्यात नवे रोप लावण्यास जुलैचा महिना पुढे असेलच.