पानिपत की बक्सार? भारताचा इतिहास नेमका कोणत्या लढाईने बदलला, समजून घ्या

१४ जानेवारी १७६१ ही पानिपतची तारीख मराठी माणसाला सांगावी लागत नाही. पण २२ ऑक्टोबर १७६४ ही तारीख किती जणांना आठवते?

पानिपतनंतर काय झालं?
मराठ्यांची एक पिढी कापली गेली. पण जिंकूनही अहमदशाह अब्दाली दिल्लीत राहिला नाही, तो अफगाणिस्तानात परतला. अवघ्या दहा वर्षांत, १७७१ मध्ये मराठे पुन्हा दिल्लीत होते.

बक्सारला काय झालं?
मराठे सावरत होते, त्याच काळात बिहारमधल्या बक्सारला ईस्ट इंडिया कंपनीने तिघांच्या एकत्र फौजेला हरवलं : बंगालचा पदच्युत नवाब मीर कासिम, अयोध्येचा नवाब शुजाउद्दौला आणि मुघल बादशहा शाहआलम. हाच शुजाउद्दौला पानिपतला अब्दालीच्या बाजूने होता.

मग फरक कुठे पडला?
१७६५ मध्ये अलाहाबादच्या तहाने कंपनीला बंगाल, बिहार आणि ओडिशाची दिवाणी, म्हणजे महसूल गोळा करण्याचा हक्क मिळाला. बदल्यात बादशहाला वर्षाला २६ लाख रुपये ठरले. व्यापार करायला आलेली कंपनी आता सारा वसूल करू लागली. त्या पैशावर तिने पगारी, कवायती फौज वाढवली. १८१८ मध्ये पेशवाई संपवली ती याच कंपनीने.

थोडक्यात काय?
पानिपतने मराठ्यांची माणसं नेली. बक्सारने कंपनीच्या हाती तिजोरी दिली. माणसांची हानी मराठ्यांनी दहा वर्षांत भरून काढली. तिजोरी मात्र परत मिळाली नाही.