आईला न आठवलेली छावणी

आपल्या आईला तिच्या तरुणपणाबद्दल विचारून पाहा. सुखाचे असो, दुःखाचे असो, ती काहीतरी सांगेलच. पण रिआ ताजिरी या जपानी वंशाच्या अमेरिकन दिग्दर्शिकेने आईला विचारले, तेव्हा आईला जवळजवळ काहीच आठवत नव्हते. विसरण्यासारखे मात्र ते नव्हते!

७ डिसेंबर १९४१ रोजी जपानने पर्ल हार्बरवर हल्ला केला. बौद्ध धर्मगुरूंची धरपकड लगेच सुरू झाली. १९ फेब्रुवारी १९४२ ला राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी हुकूम काढला आणि जपानी वंशाची सुमारे १ लाख २० हजार माणसे काटेरी तारांच्या छावण्यांत डांबली गेली. त्यांतले दोन-तृतीयांश लोक अमेरिकेचेच नागरिक होते. गुन्हा काय? चेहरा! ताजिरीचे वडील अमेरिकेच्या सैन्यात होते, तरी घरचे लोक अॅरिझोनाच्या वाळवंटात पोस्टन छावणीत गेले. मागे राहिलेले घरसुद्धा कोणीतरी उचलून नेले. ते पुन्हा सापडले नाही.

छावणीत कॅमेऱ्याला बंदी होती. मग चित्रपट करायचा कशाचा? १९९१ साली ताजिरीने 'हिस्टरी अँड मेमरी' हा ३२ मिनिटांचा प्रयोग केला. यात नायक नाही, सरळ कथाही नाही. सरकारी युद्धपट, हॉलिवूडचे तुकडे, पडद्यावर सरकणारी अक्षरे, घरच्यांचे आवाज. पाहणारा आधी गोंधळतो, हे खरेच. पण ती हॉलिवूडला नेमके पकडते. 'बॅड डे अॅट ब्लॅक रॉक' या १९५५ च्या चित्रपटात सारी गोष्ट खून झालेल्या कोमोको नावाच्या जपानी शेतकऱ्याभोवती फिरते, आणि तो कोमोको पडद्यावर एकदाही दिसत नाही.

आईचे एकच चित्र मुलीच्या मनात होते : रणरणत्या वाळवंटात नळावर पाण्याची बाटली भरणारी तरुण बाई. कोणी सांगितले, कधी पाहिले, ठाऊक नाही. ताजिरीने तेच दृश्य उभे करून चित्रित केले. आईला ते देऊन टाकावे म्हणून.

आणखी एक गोष्ट. आईच्या दागिन्यांच्या डब्यात लाकडी पक्षी होता. लहानपणी रिआने तो मागितला, तर आई म्हणाली, आजीने दिलाय, ठेव परत. पुढे पंचवीस वर्षांनी सरकारी दप्तरातले फोटो चाळताना तिला आजीच दिसली. पोस्टन छावणीत, १९४२ साली, लाकडाचे पक्षी कोरायच्या वर्गात बसलेली.