तीन हजार झेपांवरचं सेनगाव

सेनगावात खार म्हटलं की पाठीवर पट्टे असलेली, बांधावरून तुरुतुरु पळणारी मूठभर जिवाची खारच डोळ्यांपुढे येते. तिची थोरली चुलतबहीण, उडणारी खार, मेळघाटात राहते. वजन दोन किलोपर्यंत, शेपटीसकट लांबी जवळपास मीटरभर. शेकरू ते वेगळं. ते दिवसा हिंडतं, ही अंधार पडल्यावर ढोलीबाहेर येते. ‘उडणारी’ हे आपलं कौतुक. पंख नाहीतच. पुढच्या पायापासून मागच्या पायापर्यंतची कातडी ताणून ती उंच फांदीवरून स्वतःला सोडून देते आणि तरंगत जाऊन दुसऱ्या झाडाच्या बुंध्याला चिकटते.

समजा, या खारीला मेळघाटातल्या चिखलदऱ्याहून सेनगावला यायचंय. सरळ रेषेत अंतर सुमारे १८० किलोमीटर. एका झेपेला ६० मीटर धरले तर ३,००० झेपा. तीन मीटर पुढे जाताना एक मीटर उंची गमावली असं धरू. हा हिशेबही जरा खारीच्याच बाजूचा आहे. म्हणजे दर झेपेला २० मीटर खाली, की पुन्हा तेवढंच बुंध्यावरून वर. तीन हजार वेळा २० मीटर म्हणजे ६० किलोमीटरची उभी चढण. समुद्रसपाटीपासून मोजलं तर पावणेसात एव्हरेस्ट! चिखलदरा उंचावर आहे खरं, पण त्याची सूट किलोमीटरभराचीही नाही.

एवढी चढायची तर खायला किती लागेल? मी आकडेमोड तीनदा तपासली. दोन किलोचा जीव ६० किलोमीटर वर उचलायला सुमारे २८० किलोकॅलरी लागतात. खाल्लेल्यातली पाव ऊर्जाच स्नायूंच्या कामी येते असं धरलं तर ११००-१२०० किलोकॅलरी. म्हणजे सव्वातीनशे ग्रॅम ज्वारी. पावणेसात एव्हरेस्ट, आणि शिदोरी चार-पाच भाकरींची! खार ज्वारी खात नाही, उंबरं नि कोवळी पानं खाते, पण तेवढं रानात मिळून जाईल.

मिळणार नाहीत ती झाडं. दर ६० मीटरवर वीस मीटरहून उंच एक, अशी ओळीनं तीन हजार. फक्त एक ओळ. शंभर हेक्टरांच्या चांगल्या जंगलात याच्या कितीतरी पट झाडं असतात. पण ती एका जागी, वाटेवर नव्हे. सेनगावच्या शिवारात सोयाबीन कमरेच्या वर जात नाही, हळद फार तर छातीपर्यंत. पण खार तिथवर पोचतेच कुठे? मेळघाटाचे डोंगर उतरले की परतवाडा-अचलपूरकडच्या संत्र्याच्या बागा लागतात. झाड पाचेक मीटरचं. अगदी शेंड्यावरून सुटली तरी जेमतेम १५ मीटर, आणि पाय जमिनीला.