शिक्षकाच्या वेतनश्रेणीची फाईल अडते कुठे?

जिल्हा परिषद शाळेतील शिक्षकाला 12 वर्षांच्या सेवेनंतर वरिष्ठ वेतनश्रेणी आणि 24 वर्षांनंतर, 20 टक्के पदांच्या मर्यादेत, निवड श्रेणी मिळते. राष्ट्रीय शिक्षक आयोगाचे अध्यक्ष प्रा. चट्टोपाध्याय यांच्या नावावरून शिक्षक तिला आजही 'चट्टोपाध्याय' म्हणतात. हा हक्क कागदावर स्पष्ट आहे, पण मंजुरीचा आदेश हातात पडायला अनेकांना वर्षे लागतात.

फरक किती?

सातव्या वेतन आयोगात प्राथमिक शिक्षकाची मूळ श्रेणी एस-10 (29,200 ते 92,300) आहे, तर वरिष्ठ श्रेणी एस-13 (35,400 ते 1,12,400). महागाई भत्ता, घरभाडे भत्ता आणि निवृत्तीसाठीची कपात हे सारे मूळ वेतनावरच ठरते. त्यामुळे आज रखडलेली वेतनवाढ निवृत्तीपर्यंत नडते. आपल्या अनेक घरांत शिक्षक हाच पहिला पगारदार माणूस असतो. भावंडांचे शिक्षण आणि आईवडिलांचे औषधपाणी त्याच पगारावर चालते.

फाईलचा प्रवास

नवेगाव बांधसारख्या गावातून प्रस्ताव मुख्याध्यापक, केंद्रप्रमुख असा अर्जुनी मोरगाव पंचायत समितीच्या गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे आणि तिथून गोंदियाला शिक्षणाधिकारी (प्राथमिक) कार्यालयात जातो. मंजुरीनंतर वेतननिश्चिती, सेवापुस्तिकेत नोंद, वेतन पडताळणी आणि शालार्थ प्रणालीत बदल होतो. थकबाकीसाठी वेगळे बिल आणि अनुदान लागते. प्रत्येक टेबलावर एक त्रुटी निघाली, तरी फाईल पुन्हा खाली येते. सर्वाधिक त्रुटी असतात त्या गोपनीय अहवाल, प्रशिक्षण प्रमाणपत्र आणि राखीव प्रवर्गातील शिक्षकांच्या जात वैधता प्रमाणपत्राच्या.

अर्जुनी मोरगाव नक्षलग्रस्त भागात मोडत असल्याने 6 ऑगस्ट 2002 च्या शासन निर्णयातील एकस्तर वेतनश्रेणीचा प्रश्नही इथे आहे. तो दावा वेगळा आहे. दोन्ही एकाच अर्जात मिसळले की गोंधळ वाढतो.

विलंब धोरणातूनही येतो

23 ऑक्टोबर 2017 च्या शासन निर्णयाने शाळा प्रगत असण्याची आणि शाळासिद्धीत 'अ' श्रेणीची अट घातली. शाळासिद्धीत इमारत, स्वच्छतागृह, पाणी यांचेही मूल्यमापन होते. म्हणजे ग्रामपंचायत आणि शासनाने पुरवायच्या सोयी नसतील, तर त्याचा फटका शिक्षकाच्या पगाराला! ही अट 2019 मध्ये मागे घेतली गेली. पुढे प्रशिक्षणाची वाट पाहावी लागली. 2022 मध्ये ते ऑनलाइन झाले आणि त्यासाठी शिक्षकांकडून 2,000 रुपये शुल्क घेतले गेले.

कायदा काय सांगतो?

बदल्यांचे विनियमन आणि विलंबास प्रतिबंध करणाऱ्या महाराष्ट्राच्या 2005 च्या अधिनियमातील कलम 10 नुसार, फाईल एका कर्मचाऱ्याकडे साधारणतः सात कामकाजाच्या दिवसांहून अधिक राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची नसेल तर 45 दिवसांत, पाठवायची असेल तर तीन महिन्यांत निर्णय अपेक्षित आहे.

सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी 2021 मध्ये आंध्र प्रदेशच्या प्रकरणात थकवलेल्या वेतन व निवृत्तिवेतनावर सहा टक्के व्याज द्यायला लावले. मात्र 2008 च्या तरसेम सिंग निकालाची दुसरी बाजूही लक्षात ठेवावी: हक्क कायम राहिला, तरी उशिरा न्यायालयात गेल्यास थकबाकी सहसा याचिकेआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. अर्जामागून अर्ज देत राहिल्याने ही मुदत वाढत नाही.

काय करावे?

प्रस्तावाची पोचपावती तारखेसह जपा. त्रुटी लेखी मागा. सेवापुस्तिकेची प्रत दरवर्षी तपासा. दहा रुपयांच्या माहिती अधिकार अर्जात 'माझी फाईल कोणत्या तारखेपासून कोणाकडे आहे' एवढेच विचारा. 30 दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. तरीही निर्णय झाला नाही, तर मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात दाद मागता येते. जिल्हा परिषदेचे काही शिक्षक एकत्र आले तर वकिलाचा खर्चही वाटून घेता येतो.

'साहेब नाराज होतील' म्हणून गप्प बसणाऱ्याची थकबाकी तीन वर्षांनंतर महिन्यामहिन्याने बुडत जाते. पगार हा केलेल्या कामाचा मोबदला आहे. तो मागताना संकोच वाटण्याचे कारण नाही.