साठेखत झालं म्हणजे जमीन आपली झाली का?

व्यवहार ठरतो, विसार दिला जातो, साठेखतावर सह्या होतात. मग जवळून रस्ता मंजूर होतो, भाव चढतो आणि मालक खरेदीखत करून द्यायला टाळाटाळ करू लागतो. अशा वेळी घेणाऱ्याला दिवाणी न्यायालयात करारपूर्तीचा दावा लावता येतो. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ मध्ये त्याची सोय आहे. मात्र मालक लबाड आहे एवढं सिद्ध केल्यानं हा दावा जिंकता येत नाही. न्यायालय घेणाऱ्याचंही वागणं तपासतं, आणि पुष्कळ दावे तिथेच अडतात.

गैरसमज: साठेखत आणि कुलमुखत्यारपत्र हातात आलं की जमीन आपली.

वस्तुस्थिती: मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ चं कलम ५४ सांगतं की विक्रीच्या नुसत्या करारानं मालमत्तेत कोणताही हक्क किंवा बोजा निर्माण होत नाही. मिळतो तो खरेदीखत करून मागण्याचा अधिकार. सोबत कुलमुखत्यारपत्र घेतल्यानंही मालकी येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २०११ मध्ये सूरज लॅम्प प्रकरणात स्पष्ट केलं.

गैरसमज: नोंदणी न केलेलं साठेखत म्हणजे रद्दी.

वस्तुस्थिती: करारपूर्तीच्या दाव्यात ते पुरावा म्हणून वाचता येतं. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ४९ च्या परंतुकातच तसं म्हटलं आहे. खरी अडचण मुद्रांकाची. साठेखतात ताबा दिल्याचा किंवा देण्याचा उल्लेख असेल, तर महाराष्ट्रात त्यावर खरेदीखताइतकं मुद्रांक शुल्क लागतं. शंभराच्या स्टॅम्पवर उरकलेलं असं साठेखत, उरलेलं शुल्क आणि दंड भरेपर्यंत पुराव्यात घेतलं जात नाही. शिवाय ‘कराराच्या जोरावर माझा ताबा आहे’ हा बचाव घ्यायचा, तर २००१ पासून करार नोंदणीकृतच लागतो.

गैरसमज: २०१८ मध्ये कायदा बदलला; आता न्यायालयाला खरेदीखत करून द्यायला सांगावंच लागतं.

वस्तुस्थिती: अर्धं खरं. पूर्वी असा हुकूम देणं न्यायालयाच्या विवेकाधिकारावर होतं. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमात १ ऑक्टोबर २०१८ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनं तो अधिकार बराच आटला. पण कलम १६ (क) जागेवरच आहे: करारातला आपला वाटा पुरा करायला आपण कायम तयार होतो आणि आहोत, हे घेणाऱ्यानं सिद्ध करायचं. यात दोन गोष्टी येतात. एक म्हणजे पैसे देण्याची ऐपत, दुसरी म्हणजे व्यवहार पुरा करण्याची इच्छा. ऐपत बँकेच्या खातेउताऱ्यावरून, मंजूर कर्जावरून दिसते, इच्छा वागण्यातून. उरलेली रक्कम न्यायालयात आणून भरलीच पाहिजे असं मात्र नाही. न्यायालयानं सांगितलं तर भरायची. ‘पैसे तयार होते’ एवढं तोंडी म्हणून उलटतपासणीत निभावत नाही. दोन वर्षं गप्प बसून भाव दुप्पट झाल्यावर जागा झालेला माणूस मुदतीत आला, तरी त्याच्या इच्छेवर संशय घेतला जातोच. मला हे रास्तच वाटतं.

गैरसमज: नोटिसा पाठवत राहिलं की मुदत वाढते.

वस्तुस्थिती: दावा लावण्याची मुदत तीन वर्षांची. खरेदीखताची तारीख करारात ठरली असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर मालकानं नकार दिल्याचं कळल्यापासून. आपण पाठवलेल्या नोटिशीनं त्यात एक दिवसही वाढत नाही. ‘मोजणी झाल्यावर बघू’, ‘बहिणींच्या सह्या आल्या की करू’ या आश्वासनांवर वर्षं जातात, आणि करारात तारीख असली तर मुदत चालतच राहते.

आणखी एक चूक सर्रास दिसते. मालक दुसऱ्याला जमीन विकेल या धास्तीनं आधी फक्त मनाईचा दावा लावतात, करारपूर्तीचं ‘नंतर पाहू’ म्हणतात. त्याच कारणावरून पूर्वी मागता आली असती अशी दाद वगळली आणि त्यासाठी न्यायालयाची परवानगी घेतली नाही, तर दुसरा दावा अडतो. २०१२ च्या व्हर्गो इंडस्ट्रीज प्रकरणात हेच घडलं. ताबा आणि पर्यायानं विसार परत, या मागण्याही त्याच दाव्यात घालाव्यात. मागितल्याशिवाय त्या मिळत नाहीत.

मालक वारला तर करार संपतो, असंही समजलं जातं. तसं नाही, वारसांवर तो बंधनकारक राहतो. जमीन तिसऱ्यानं घेतली असली तरी, आधीचा करार ठाऊक असताना ती घेणाऱ्यावरही. मात्र ज्यानं किंमत मोजून, प्रामाणिकपणे आणि कराराची कल्पना नसताना घेतली, त्याला संरक्षण आहे.

हुकूमनामा मिळाला की सातबाऱ्यावर नाव लागतं, हाही भ्रमच. न्यायालयानं ठरवलेल्या मुदतीत उरलेली रक्कम भरावी लागते. ती चुकली तर मालक करार रद्द करून मागू शकतो. मुदत वाढवून देणं न्यायालयाच्या हातात असतं, पण ते गृहीत धरू नये. पैसे भरल्यावरही मालक सही करत नसेल तर दरखास्त दाखल करायची. मग त्याच्या वतीनं न्यायालयच खरेदीखत करून देतं. ते दुय्यम निबंधकाकडे नोंदवल्यावर फेरफार होतो. दरखास्तीसाठी बारा वर्षांची मुदत आहे, रक्कम भरण्यासाठी मात्र हुकूमनाम्यात लिहिली असेल तेवढीच.